झाडाला तोंड देऊ नका

अद्भुतकथेत भान असलेलं झाड आणायचं ठरलं की बहुतेकजण पहिल्याच पानावर त्याच्या खोडावर डोळे काढतात. मग सुरकुतलेले ओठ येतात, दाढीसारख्या पारंब्या येतात, आणि ते झाड घसा खाकरून बोलायला लागतं. बोलतं कसं, तर निवृत्त हेडमास्तर बक्षीस समारंभात बोलतील तसं. माझ्या पहिल्या गोष्टीतला वड असाच होता. साडेतीन पानं बोलला. संपादकांनी हस्तलिखित परत पाठवलं तेव्हा समासात पेन्सिलीने एवढंच लिहिलं होतं, ‘यांना मध्ये पाणी विचारलं का कुणी?’ तेव्हा राग आला. आता असं काही लिहू बघणाऱ्याला मी पहिला सल्ला हाच देतो, की झाडाला तोंड देऊ नका.

तोंड काढून घेतलं की त्याच्याकडे उरतं काय, ते एका कागदावर लिहा. वास, रस, पराग, काटे, सावली, मुळं आणि भरपूर वेळ. एवढ्याच सामानात त्याने माणसाच्या डोक्यात शिरायचं आहे. नुसतं सांगून हे ध्यानात येत नाही, म्हणून या लेखात एक वेल मुळापासून घडवू. जग आपलंच, कल्पनेतलं. एक कोरडं पठार आहे, खाली समुद्रकाठ आहे, आणि दोघांना जोडणारी एकच वाट आहे, तिचं नाव उसासखिंड. या खिंडीत मीठ वाहणारे तांडे ये-जा करतात. वेल त्या वाटेच्या दोन्ही अंगांना वाढते.

आता पहिला प्रश्न, वेलीला काय हवंय? ‘तिच्या वासाने नशा येते’ एवढ्यावर लिहायला बसाल तर तिसऱ्या प्रकरणात अडकाल. माणसाला नशा आल्याने वेलीचं काय भागतं, हे आधी ठरलं पाहिजे. या बाबतीत खरी झाडं आपल्या कल्पनेच्या बरीच पुढे गेलेली आहेत. कॉफीच्या आणि लिंबाच्या कुळातल्या काही झाडांच्या मधुरसात किंचित कॅफिन असतं. इतकं किंचित, की मधमाशीला ते कडू लागू नये. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात साखरपाण्यातून कॅफिन मिळालेल्या माश्यांपैकी त्यासोबत दिलेला वास चोवीस तासांनी ओळखणाऱ्या माश्या नुसत्या साखरपाण्यावाल्यांच्या सुमारे तिप्पट निघाल्या. म्हणजे झाड माशीला चहा पाजतं आणि आपला पत्ता पाठ करून घेतं.

मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतली एक बाभळ याहून आतल्या गाठीची. ती फुगीर पोकळ काट्यांत मुंग्यांना घर देते, पानांच्या देठाशी गोड रस देते, आणि पानं खायला कुणी आलं की मुंग्या त्याला चावून पिटाळतात. बरीच वर्षं हे शेजारधर्माचं उदाहरण म्हणून शिकवलं जात होतं. पुढे कळलं, की त्या रसात एक विकर आहे आणि ते मुंगीच्या पोटातली नेहमीची साखर पचवायची सोयच बंद पाडतं. बाभळीचा रस आधीच फोडलेल्या साखरेचा, तेवढा पचतो. एकदा चाखला की मुंगीला दुसऱ्या दारी जेवायची सोय उरत नाही. मला विचाराल तर खोडावरच्या डोळ्यांपेक्षा हे कितीतरी भयानक आहे.

खिंडीतल्या आपल्या वेलीला हवंय पाणी आणि खत. पठार कोरडं आहे, माती खडकाळ आहे. पाणी जातं ते माणसांच्या पखालींतून, आणि तेही न थांबता. तेव्हा वेलीने माणसाला थांबवायला हवं. मारायला नको, कारण मेलेला माणूस एकदाच खत देतो आणि त्याची बातमी फुटली की वाट बंद पडते. थांबलेला माणूस पाणी सांडतो, खरकटं टाकतो, आडोशाला जातो, आणि पुढच्या मोसमात परत येतो. मग माणूस आपण होऊन, आनंदाने, कशाने थांबेल? मी बराच वेळ खोडरबर चावत बसलो होतो. उत्तर शेवटी घरातच सापडलं. तिच्या वासाने माणसाला वाटतं, की आपण माहेरी आलो. म्हणून तिला माहेरवेल म्हणू.

होमरच्या ‘ओडिसी’त ‘लोटस’ नावाचं फळ खाणारे लोक येतात. ते फळ खाल्लं की खलाशी घर विसरतात, परत जायचंच नाही म्हणतात. आपली वेल त्याच्या उलट्या बाजूने येते. इथे माणूस घर विसरत नाही, घरी पोचतो. जुनी कल्पना वापरायला हरकत नाही, फक्त ती उलटी धरून झटकून बघायची. बऱ्याचदा खिशातून काहीतरी पडतं.

पुढची पायरी भानाची. वेलीला कळतं, हे वाचकाला कशावरून कळावं? महाभारताच्या शांतिपर्वात भरद्वाज भृगूंना नेमका हाच प्रश्न विचारतो. झाडांना दिसत नाही, ऐकू येत नाही, मग ती पाच महाभूतांची बनलेली आहेत असं म्हणायचं तरी कसं? भृगूंचं उत्तर प्रत्येक अद्भुतकथाकाराने वाचावं असं आहे. उन्हाने पान मलूल होतं, तेव्हा झाडाला स्पर्श आहे. विजेच्या कडकडाटाने फळफूल गळतं, तेव्हा त्याला ऐकू येतं. वेल झाडाला विळखा घालत सगळीकडे पसरते, आणि न दिसणाऱ्याला वाट सापडत नाही, तेव्हा तिला दिसतं. धुपाच्या वासाने रोगट झाड सुधारतं, तेव्हा त्याला वास कळतो. यातलं विज्ञान तूर्त बाजूला ठेवा, युक्तिवादाची रीत बघा. भृगू झाडाच्या तोंडी एक अक्षर घालत नाहीत. झाड काय करतं ते दाखवतात आणि निष्कर्ष ऐकणाऱ्याच्या पदरात टाकतात.

तुम्हीही तेच करा. करणी दाखवा. अमेरिकेतला व्हीनस फ्लायट्रॅप सापळ्यातल्या केसाला एकदा धक्का लागला तर गप्प राहतो. वीसेक सेकंदांत दुसरा लागला तर मिटतो, आणि आत अडकलेल्या किड्याच्या धडपडीचे पाच-सहा धक्के झाल्यावर पाचकरस सोडू लागतो. तो मोजतो. आपली अमरवेल पिवळ्या दोऱ्यासारखी उगवते तेव्हा तिला मुळाचा आधार जेमतेम असतो, काही दिवसांत सावज सापडलं नाही तर ती सुकून जाते. तिच्या एका अमेरिकन जातीवर झालेल्या प्रयोगांत, जे २००६ साली प्रसिद्ध झाले, तिचा कोंब टोमॅटोच्या वासाकडे वळत गेला आणि गहू व टोमॅटो यांत त्याने टोमॅटो निवडला. ती निवडते. मोजणं आणि निवडणं एवढ्या दोनच क्रिया वेलीच्या हाती द्या. माहेरवेल पखालींची संख्या मोजते. रिकाम्या पखालींच्या तांड्याला तिचा वास येतच नाही. हे कुठेही समजावून सांगू नका. तिसऱ्यांदा तसं घडलं की वाचकाच्या अंगावर काटा येईल, आणि तो काटा त्याचा स्वतःचा असेल.

भानाबरोबर काळाचा हिशेब येतो आणि नवखा लेखक हमखास चुकतो तो इथे. झाडाने माणसाच्या वेगाने विचार केला की ते माणूस होतं, मग कितीही हिरवं असो. सह्याद्रीत कारवी सात वर्षं नुसती पानांवर असते, मग एके वर्षी डोंगरच्या डोंगर जांभळे होतात, आणि बी पडलं की ती झुडपं मरून जातात. हा तिचा एक ‘दिवस’ समजा. अमेरिकेत युटामध्ये ‘पांडो’ नावाचं अ‍ॅस्पेनचं रान आहे. सुमारे ४३ हेक्टर, ४७ हजारांच्या आसपास खोडं, आणि सगळी एकाच मुळावरची. तिथे एक झाड कुठे संपतं आणि दुसरं कुठे सुरू होतं, हा प्रश्नच निरर्थक आहे. उर्सुला ले ग्विन यांनी १९७१च्या एका कथेत अख्ख्या ग्रहावरच्या वनस्पतींचं मिळून एक भान कल्पिलं, आणि माणसं आल्यावर त्या भानाला पहिल्यांदा जी भावना झाली ती भीती. त्याआधी तिथे ‘दुसरं कुणी’ नव्हतंच. असा एक विचार सापडला की गोष्ट स्वतःच्या पायांनी चालू लागते.

आपल्या खिंडीतली वेलही एकच आहे, दोन कोस लांब. तिचा एक निर्णय तीन पावसाळ्यांचा. तिला कुणी काही विचारलंच, म्हणजे रोज एका जागी पाणी घालून आणि दुसऱ्या जागी न घालून विचारलं, तर उत्तर विचारणाऱ्या बाईला मिळणार नाही, तिच्या नातीला मिळेल. आणि नातीला प्रश्न काय होता हे ठाऊक नसेल. मी कादंबरी लिहिणारा असतो तर इथूनच सुरुवात केली असती.

आता भुलीचं वर्णन. इथे ‘विलक्षण धुंदी’, ‘रंगांचा स्फोट’, ‘अस्तित्व विरघळून गेलं’ असले शब्द हाताशी तयार असतात. एकही वापरू नका. खरी भूल आतून अशी दिसत नसते. धोतऱ्याची विषबाधा घ्या. त्यातल्या अ‍ॅट्रोपिन, स्कोपोलामिन वगैरे द्रव्यांनी घशाला कोरड पडते, बाहुल्या मोठ्या होतात, नाडी धावते. आणि माणूस खोलीत नसलेल्या व्यक्तीशी शांतपणे गप्पा मारतो. न्यायवैद्यकाच्या भारतीय पाठ्यपुस्तकांत एक खूण हटकून दिलेली असते, की रोगी बोटांच्या टोकांतून नसलेले धागे ओढत बसतो, नसलेल्या सुईत दोरा ओवतो. शुद्धीवर आल्यावर त्याला यातलं बहुतेक काही आठवत नाही. त्याच्या लेखी काही विचित्र घडलेलंच नसतं.

गोव्यात १५६३ साली छापलेल्या आपल्या ग्रंथात गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याने असा एक प्रसंग घातला आहे. घरातल्या दासीने मालकिणीला धोतरा खाऊ घातला, किल्ल्या घेतल्या, गळ्यातले आणि पेटीतले दागिने घेतले आणि पळून गेली. धोतरा दिलेला माणूस नुसता हसत राहतो, फारसं बोलत नाही, आणि कुणी अंगावरचे दागिने काढले तरी काढू देतो, असं ऑर्ता नोंदवतो. गळ्यातला हार निघतोय आणि बाई हसतेय. शंभर रंगांचे स्फोट या एका दृश्यापुढे फिके आहेत.

(अनुभव घेऊन लिहावं असं कुणाच्या मनात आलं असेल तर ते आत्ताच काढून टाका. धोतऱ्यात विषाचं प्रमाण झाडागणिक, बोंडागणिक बदलतं. त्याने माणसं मरतात, आणि वाचलेल्यांना वर म्हटलं तसं काहीच आठवत नाही. म्हणजे लेखक म्हणूनही हाती काही लागत नाही.)

तेव्हा नियम असा, की खोटी गोष्ट खऱ्या गोष्टीइतक्याच साध्या वाक्यात लिहायची. शिवण दिसता कामा नये. आपल्या खिंडीतला हा उतारा बघा:

खिंडीच्या तोंडाशी बारकूने खांद्यावरची पखाल उतरवली. ओटीवर आजी तांदूळ निवडत बसली होती. मान वर न करता म्हणाली, “उशीर केलास. पाय धू आधी.” त्याने पाय धुतले. पाणी गार होतं. “टाचा राहिल्या,” आजी म्हणाली. त्याने आणखी घातलं. चुलीवर काहीतरी रटरटत होतं आणि त्याला वाढायची घाई कुणी करत नव्हतं. मागून येणारा तांडा चौथ्या दिवशी खिंडीत शिरला तेव्हा तो चिखलात बसलेला होता. अख्ख्या वाटेवर चिखल तेवढाच. ओठ फुटले होते. पखाल पिळून ठेवावी तशी पडली होती, आणि तो टाचा घासत होता.

या उताऱ्यात वेलीचं नाव नाही, वास नाही, ‘भास’ हा शब्द नाही. पहिल्या मसुद्यात वासाचं सुरेख वाक्य होतं, ओल्या सारवणाचं वगैरे. ते कापलं, कारण ज्याला भूल पडली त्याला वास येतो तो घराचा, वेलीचा येतच नाही. टाचा मात्र राखल्या. नातवाच्या टाचा आजीच बघते.

भूल रचली की तिच्यावरचा उताराही रचावा लागतो, आणि तो मनमानी असून चालत नाही. छत्तीसगडात भूलन कांद्याची समजूत आहे. जंगलात त्यावर पाय पडला की माणूस वाट विसरतो, तिथल्या तिथे फिरत राहतो, आणि दुसऱ्या कुणीतरी येऊन स्पर्श केला की भानावर येतो. संजीव बक्षी यांनी त्यावर हिंदीत ‘भूलन कांदा’ ही कादंबरी लिहिली आणि तिच्यावरून ‘भूलन द मेज’ हा छत्तीसगडी चित्रपट निघाला. या लोककल्पनेचा घाट बघा. भूल एकट्याला पडते आणि सुटका दुसऱ्याच्या हातात असते. म्हणजे एकट्याने जंगलात जाऊ नये, हे न सांगता सांगून झालं. आपल्याकडच्या चकव्याच्या गोष्टींतही माणूस बहुधा एकटाच असतो, रात्रीचा.

माहेरवेलीचा उतारा तिच्या स्वभावातूनच निघायला हवा. माहेरी कुणी काम सांगत नाही. म्हणून भूल पडलेल्याला काम सांगायचं. “ऊठ, बैलांना पाणी दाखव” असं दरडावून म्हटलं की भिंती विरतात, ओटी जाते, आजी जाते. एकदा हे ठरल्यावर बाकीचं आपोआप सुचतं. प्रत्येक तांडा एक खडूस मुकादम पदरी ठेवतो, त्याला दुप्पट पगार, आणि जेवायला त्याच्या पंगतीला कुणी बसत नाही. शिवाय सुटकेची एक किंमत मी ठेवली आहे. वेलीतून उठवलेला माणूस पुढे काही महिने स्वतःच्या घराच्या दारात उभा राहतो, कुणी ‘या’ म्हणेपर्यंत.

आणि भूल कुणाला पडत नाही? हा प्रश्न सोडू नका, तुमची नायिका बहुधा तिथेच उभी असते. ज्या पोरीला माहेर असं नव्हतंच, जिला आईबापाच्या घरी मारच मिळाला, तिला हा वास आला की ती उलट्या पावली पळते. खिंड साफ ठेवायला अशाच बायका लागतात. कोयता घेऊन वेल तोडणाऱ्या या ‘तोडकरणी’ सरकारी चाकरीत आहेत, आणि चाकरीत घेताना त्यांना वेलीपुढे उभं करून तोंड बघतात. ज्या उमेदवाराच्या चेहऱ्यावर हसू येईल ती बाद. ही परीक्षा कशी घेतात याचं एक सबंध प्रकरण लिहा. ते ओझरतं उरकू नका.

जगाची बाकी उभारणी नावांनी करा. एका वनस्पतीला एकच नाव असेल तर ते जग कागदी आहे. बायका तिला माहेरवेल म्हणतात. तांड्यातले पुरुष आजोळी म्हणतात. किल्ल्यावरचे शिपाई तिला बसकी म्हणतात, कारण तटाबाहेर ती लावली की चालून आलेली फौज खाली बसते. वैद्याच्या पोथीत तिला लांबलचक नाव आहे आणि ते वैद्याखेरीज कुणी घेत नाही. जकातनाक्यावरच्या वहीत ‘सुकी पाने, नग, मनाई’ एवढंच. कारण सुकी पानं चोरून विकली जातातच, नव्या सुनांना आणि म्हाताऱ्या शिपायांना. जॉन विंडमच्या १९५१च्या ‘द डे ऑफ द ट्रिफिड्स’मध्ये चालणारी, डंख मारणारी झाडं माणसांनीच मळ्यांत वाढवलेली असतात, तेलासाठी. डंख छाटता येतो, पण न छाटलेल्या झाडाचं तेल जास्त चांगलं निघतं, म्हणून तो तसाच ठेवतात. पुढच्या अनर्थाची तयारी या एका व्यापारी तपशिलात झालेली आहे. तुमच्या वेलीच्या पाठीशीही कुणाचा तरी नफा उभा करा.

धर्मही विसरू नका, पण सोन्याचं देऊळ बांधू नका. देवराईतली काटकीसुद्धा घरी न्यायची नाही, हा धाक आपल्याकडे एका दगडाच्या आणि शेंदराच्या जोरावर पिढ्यानुपिढ्या चालला आहे. तुमच्या खिंडीतही एक दगड पुरेल, आणि त्यापुढे पाण्याचा रिकामा तांब्या.

शेवटच्या प्रकरणात वेलीचा नायनाट करायचा मोह प्रत्येकाला होतो, आणि मग आग लावली जाते. लावायची तर लावा. फक्त लिहायला बसण्याआधी त्या दिवशी वारा कुठून वाहतोय ते ठरवा. दोन कोस लांब वेल जळतेय, धूर पठाराकडे निघालाय, आणि तिथल्या सात गावांत सकाळची वेळ आहे. विहिरीवरच्या बाईच्या हातातला दोर सुटेल. शाळेतल्या पोरांना सुट्टी झाल्यासारखं वाटेल. मुकादम एकटा शुद्धीवर असेल, आणि तो ओरडून ओरडून किती जणांना काम सांगणार?